चौथी खुर्ची

गणेश चतुर्थीच्या रात्री चंद्र पाहू नये, पाहिला तर चोरीचा आळ येतो, असं आपल्याकडे घरोघर सांगतात. आमच्या मोहल्ल्यातल्या पोरांनाही हे ठाऊक होतं आणि त्या रात्री आम्हीही माना खाली घालूनच चालत असू. त्यामागची स्यमंतक मण्याची कथा आपण सगळ्यांनी ऐकलेली आहे. खुद्द श्रीकृष्णावर मणी चोरल्याचा आळ आला. तो आळ पुसायला त्याला रानात हिंडावं लागलं, जांबवंताच्या गुहेत शिरून झुंजावं लागलं आणि मणी आणून लोकांसमोर ठेवावा लागला. म्हणजे देवालाही 'मी चोरी केली नाही' एवढं म्हणून भागलं नाही.

चोरी करावी लागते. आळ नुसता येतो. आमच्या घरच्या बोलीत आळाला 'तोहमत' म्हणत, आणि तोहमत कपड्याला डाग लागावा तशी लागते. चोरीचा इतिहास पुष्कळांनी लिहिला आहे. आज आपण थोडा आळाचा इतिहास पाहू. तोही राजवाड्यातला नको, दुकानातला पाहू. गल्ल्यावर बसणाऱ्या, माल बांधून देणाऱ्या, फडताळं लावणाऱ्या माणसांवर येणाऱ्या आळाचा. दुकानात चोरी होते हे खरंच आहे. गिऱ्हाईक चोरतं, कधी नोकरही चोरतो, आणि आपला माल राखण्याचा मालकाला पूर्ण हक्क आहे. प्रश्न त्याच्या पुढचा आहे. संशय आला की काय करायचं? ज्याच्यावर संशय आला त्याला कसं विचारायचं? आणि विचारताना त्याच्या शेजारी कोणी असावं की नसावं?

या प्रश्नाचं एक उत्तर अमेरिकेतल्या ह्यूस्टन शहरात सापडतं, आणि ते कोंबडीच्या चार तुकड्यांवरून सुरू होतं.

ह्यूस्टनच्या वाइनगार्टन नावाच्या कंपनीची सुमारे शंभर दुकानं होती. काही दुकानांत बसून जेवायची सोय होती, तर काहींत शिजवलेलं अन्न बांधून देणारा विभाग होता. एक बाई १९६१ पासून या कंपनीत काम करत होती. १९७० मध्ये तिची एका दुकानातून दुसऱ्या दुकानात बदली झाली. जून १९७२ मध्ये कोणीतरी वर कळवलं, की ही बाई गल्ल्यातून पैसे काढते. कंपनीने आपला एक सुरक्षा-तपासनीस पाठवला. दुकानाच्या व्यवस्थापकालाही पत्ता लागू न देता त्याने दोन दिवस तिच्यावर नजर ठेवली. काही सापडलं नाही.

तपासनीस व्यवस्थापकाला भेटायला गेला, तेव्हा व्यवस्थापकाने नवीच गोष्ट सांगितली. तिच्याच विभागातल्या एका सहकाऱ्याने नुकतंच कळवलं होतं, की या बाईने कोंबडीचा मोठा खोका घेतला, ज्याची किंमत २ डॉलर ९८ सेंट, आणि गल्ल्यात टाकला फक्त १ डॉलर.

बाईला खोलीत बोलावण्यात आलं. समोर तपासनीस, बाजूला व्यवस्थापक. प्रश्नांना सुरुवात झाली. तिने विनंती केली, की युनियनच्या प्रतिनिधीला बोलवा. नकार मिळाला. तिने पुन्हा मागणी केली, पुन्हा नकार. मग तिने सांगितलं, की चर्चच्या जेवणासाठी आपण कोंबडी, पाव आणि केक घेतले आणि त्याचे पैसे दिले. कोंबडीचे चारच तुकडे घेतले, त्यांची किंमत एक डॉलरच होते. लहान खोके संपले होते म्हणून तुकडे मोठ्या खोक्यात भरले.

तपासनीस बाहेर जाऊन चौकशी करून आला. लहान खोके खरंच संपले होते. तुकडे किती होते हे कोणाला सांगता येत नव्हतं. तो परत आला, तुमचं म्हणणं बरोबर निघालं, तुम्हाला त्रास झाला असेल तर माफ करा, विषय संपला, असं म्हणाला.

इथे विषय संपायला हवा होता. पण माणूस म्हणजे हिशेबाची वही नव्हे. इतका वेळ आवरून धरलेलं आता सुटलं. बाई रडू लागली आणि रडता रडता बोलून गेली, की या दुकानातून पैसे न देता मी आजवर काही घेतलं असेल तर ते फक्त माझं दुपारचं फुकट जेवण.

समोरची दोघं चपापली. बाईच्या आधीच्या दुकानात नोकरांना जेवण फुकट असे, पण बांधून देणारा विभाग असलेल्या दुकानांत तशी सवलत नाही, अशी त्यांची समजूत होती. तपासनीस पुन्हा खुर्चीवर बसला. दुसऱ्यांदा चौकशी सुरू झाली. बाईने पुन्हा प्रतिनिधी मागितला, पुन्हा नकार मिळाला. तपासनिसाने कबुलीजबाब लिहून काढला आणि जेवणांचा हिशेब मांडला, तो सुमारे १६० डॉलर निघाला. बाईने सही करायला नकार दिला.

पुढे उघड झालं ते असं. त्या विभागातले बहुतेक सगळेच कर्मचारी, अगदी विभागप्रमुखासह, दुपारी तिथलंच जेवत होते, कारण तसं करू नये हे त्यांना कोणी सांगितलेलंच नव्हतं. तपासनिसाने मुख्य कचेरीत फोन केला, तर तो नियम या दुकानाला लागू आहे की नाही याची खात्री कचेरीलाही नव्हती! मग चौकशी थांबली. निघताना व्यवस्थापकाने बाईला सांगितलं, की हे आपल्यातच राहू दे, कोणाजवळ बोलू नका.

तिने ते ऐकलं नाही. तिने जाऊन युनियनला सगळं सांगितलं. म्हणून ही गोष्ट आज आपल्याला माहीत आहे.

त्या खोलीत तिघं होती. चौथी खुर्ची रिकामी होती. त्या खुर्चीवर एखादा जाणता माणूस असता, तर त्याने काय केलं असतं? आरडाओरडा करायची गरजच नव्हती. 'अहो, इथे सगळेच जेवतात, तुमचा विभागप्रमुखसुद्धा जेवतो,' एवढं एक वाक्य पुरलं असतं. बाईला ते वाक्य सुचलं नाही. घाबरलेल्या माणसाला स्वतःच्या बाजूचं वाक्य सुचत नाही, आणि प्रामाणिक माणूस घाबरला की भलतंच कबूल करून बसतो. तिच्या तोंडून निघालेली सगळ्यात प्रामाणिक गोष्टच तिच्यावरचा नवा आरोप ठरली.

प्रकरण राष्ट्रीय श्रमसंबंध मंडळापुढे गेलं. मंडळाने १९७३ मध्ये कामगाराच्या बाजूने कौल दिला. अपील न्यायालयाने तो मानला नाही. शेवटी अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९ फेब्रुवारी १९७५ रोजी सहा विरुद्ध तीन मतांनी निकाल दिला. निकालपत्र न्यायमूर्ती विल्यम ब्रेनन यांनी लिहिलं. १९३५ च्या श्रमसंबंध कायद्याने कामगारांना परस्परांच्या मदतीसाठी आणि संरक्षणासाठी एकत्र येण्याचा हक्क दिला होता. ज्या चौकशीतून शिक्षा होऊ शकते असं कामगाराला रास्तपणे वाटतं, त्या चौकशीत प्रतिनिधी मागणं हा त्याच हक्काचा भाग आहे, असं न्यायालयाने ठरवलं. एकटा कामगार भीतीपोटी किंवा बोलता येत नसल्यामुळे घडलेलं नीट सांगू शकत नाही, जाणता प्रतिनिधी खरी हकीगत लवकर पुढे आणतो आणि त्यात मालकाचाही वेळ वाचतो, असा निकालाचा आशय आहे.

या हक्काला मर्यादाही आहेत. तो मागितला तरच मिळतो, आपोआप मिळत नाही. मालकाला प्रतिनिधीशी वाटाघाटी करण्याचं बंधन नाही. प्रतिनिधी नको असेल तर मालक मुलाखतच रद्द करून बाकीच्या मार्गाने तपास करू शकतो. आणि सगळ्यात मोठी मर्यादा म्हणजे, ज्या दुकानात युनियन नाही तिथल्या माणसाचं काय? श्रमसंबंध मंडळाने २००० साली युनियन नसलेल्यांनाही सोबत एक सहकारी मागण्याचा हक्क दिला आणि २००४ साली तो काढून घेतला. म्हणजे खुर्ची मांडली आणि उचलली.

वाइनगार्टनची दुकानं १९८० मध्ये दुसऱ्या कंपनीने विकत घेतली. नाव पाट्यांवरून उतरलं, पण अमेरिकेतले कामगार आजही या हक्काला 'वाइनगार्टन हक्क' म्हणतात. ज्या कंपनीने खुर्ची नाकारली तिचंच नाव त्या खुर्चीला चिकटलं, ही इतिहासाची गंमत आहे.

आता अटलांटिक ओलांडून इंग्लंडमध्ये येऊ. तिथे ब्रिटिश होम स्टोअर्स नावाची मोठी दुकानं होती. नोकरांना तिथे सवलतीत खरेदी करता येई. या खरेदीत काही जणांनी मिळून लबाडी केली असा कंपनीचा संशय होता. त्यात एका तरुणीचं नाव दुसऱ्या कर्मचाऱ्याने घेतलं आणि तिला काढून टाकण्यात आलं. १९७८ मध्ये अपील न्यायाधिकरणाने या प्रकरणात जो निकष घालून दिला, तो ब्रिटनमध्ये आजही वापरतात. निकष साधा आहे. मालकाला तिने चोरी केली असं खरोखर वाटत होतं का? तसं वाटायला पुरेसं कारण होतं का? आणि तसं ठरवण्याआधी त्याने रास्त तेवढी चौकशी केली होती का? तिन्हींची उत्तरं होकारार्थी असतील, तर आरोप फौजदारी खटल्यासारखा पक्का सिद्ध करण्याची त्याला गरज नाही.

याचा अर्थ नीट लक्षात घेऊ या. माणूस खरोखर निर्दोष असला तरी त्याला कामावरून काढणं कायदेशीर ठरू शकतं. तुरुंगात पाठवायला जेवढा पुरावा लागतो, तेवढा नोकरी घालवायला लागत नाही. आपल्याकडच्या कामगार कायद्यातही अंतर्गत चौकशीला फौजदारी खटल्याइतका कडक पुरावा लागत नाही. एका अर्थी हे व्यवहाराला धरून आहे, नाहीतर दुकान चालवणंच अवघड होईल. पण मग सगळा भार त्या तिसऱ्या प्रश्नावर येतो. चौकशी रास्त होती का? आणि ज्या चौकशीत एकाच बाजूला बोलता येतं, ती रास्त कशी?

आपल्या देशात हा प्रश्न ह्यूस्टनच्या आधीच न्यायालयात आला होता. १९६० मध्ये टाटा लोकोमोटिव्हच्या कामगारांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की अंतर्गत चौकशीत युनियनच्या प्रतिनिधीमार्फत बाजू मांडण्याचा सरसकट हक्क कामगाराला नाही. मालकाने परवानगी दिली तर गोष्ट वेगळी. अशा चौकशीतले मुद्दे सहसा सोपे असतात आणि कामगार स्वतःच साक्षीदारांना प्रश्न विचारू शकतो, अशी त्यामागची धारणा होती.

महाराष्ट्राने याबाबतीत एक पाऊल पुढे टाकलं. १९७१ साली आपल्या विधिमंडळाने कामगार संघटनांना मान्यता देण्याचा आणि अनुचित कामगार प्रथांना आळा घालण्याचा कायदा केला. 'अनुचित प्रथा' ही कल्पना अमेरिकेच्या १९३५ च्या त्याच कायद्याशी नातं सांगते, ज्याच्या आधारे पुढे ह्यूस्टनच्या बाईला न्याय मिळाला. आपल्या या कायद्याच्या २२ व्या कलमाने मान्यता नसलेल्या संघटनेच्या प्रतिनिधींनाही आपल्या सभासदाच्या वतीने अंतर्गत चौकशीत उभं राहण्याचा हक्क दिला. सर्वोच्च न्यायालयाने १९९३ मध्ये या तरतुदीचा अर्थ लावताना तिची सीमाही आखून दिली. प्रतिनिधित्वाचा हक्क कायदा किंवा स्थायी आदेश देतील तेवढाच, वाटेल त्याला सोबत आणता येणार नाही, असं न्यायालयाने म्हटलं. पण खुर्ची कायद्याने मांडली गेली होती, हे महत्त्वाचं.

माणसाच्या जागी यंत्र बसवण्याचा प्रयोगही दुकानांनी करून पाहिला. अमेरिकेतल्या दुकानांच्या साखळ्यांनी एके काळी नोकरांना सर्रास खोटं पकडणाऱ्या यंत्राला जोडलं. श्वास, रक्तदाब, घाम मोजायचा आणि ठरवायचं, की हा चोर आहे की नाही. ऐंशीच्या दशकात खासगी मालक अशा सुमारे वीस लाख चाचण्या दरवर्षी घेत असल्याचा अंदाज होता. खरं बोलतानाही भीतीने घाम फुटतो, हे कोणत्याही शाळकरी पोराने सांगितलं असतं. अखेर १९८८ मध्ये तिथल्या संसदेने कायदा करून खासगी मालकांना या यंत्राचा सर्वसाधारण वापर बंद केला. प्रत्यक्ष चोरीचा तपास चालू असेल तर काही अटींवर मुभा ठेवली, पण आधी लेखी सूचना द्यायची, नकार देण्याचा हक्क द्यायचा आणि केवळ यंत्राच्या बोलण्यावर कोणाला काढायचं नाही.

पुढे संशयाची जागा दुकानाच्या दारात आली. काम संपवून घरी निघालेल्या प्रत्येकाची पिशवी तपासायची. हजरत यूसुफ यांच्या कथेत भावांच्या गोण्यांची झडती होते आणि राजाचा प्याला धाकट्याच्या गोणीत निघतो. तो तिथे कोणी ठेवला हे ऐकणाऱ्याला आधीपासून माहीत असतं, पण झडतीसाठी उभ्या असलेल्या भावांना ते माहीत नसतं. आजच्या दुकानात कोणी प्याला ठेवत नाही, पण झडतीसाठी उभं राहण्यात जातो तो वेळ कोणाचा? नेवाडातल्या अ‍ॅमेझॉनच्या गोदामांत काम करणाऱ्यांनी तक्रार केली, की रोज सुमारे पंचवीस मिनिटं आम्ही झडतीच्या रांगेत उभे असतो, त्याचा पगार द्या. २०१४ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने एकमताने सांगितलं, की झडती हा कामाचा अविभाज्य भाग नाही, पगार मिळणार नाही. पण २०२० मध्ये कॅलिफोर्नियाच्या सर्वोच्च न्यायालयाने आपल्या राज्याच्या कायद्याच्या आधारे अ‍ॅपल कंपनीच्या दुकानांतल्या कर्मचाऱ्यांना उलट उत्तर दिलं. रांगेतला माणूस मालकाच्या ताब्यात आहे, म्हणून तो वेळ कामाचाच. कंपनीचं म्हणणं होतं, की पिशवी किंवा फोन आणायला सांगितलंय कोणी? आपला फोन लोकांच्या जगण्याचा भाग झाला आहे असं जगाला सांगणाऱ्या कंपनीने हे म्हणावं, यातली विसंगती न्यायालयानेही टिपली. पुढे कंपनीने सुमारे तीन कोटी डॉलर देऊन प्रकरण मिटवलं. रांगेतली माणसं जिंकली, कारण ती रांगेत होती. एकेकट्याचा तो रांगेतला वेळ कोणी मोजलाच नसता.

आता एकटेपणाची सगळ्यात मोठी गोष्ट. ब्रिटनमध्ये गावोगावची छोटी टपाल कार्यालयं बहुधा किराणा किंवा स्टेशनरीच्या दुकानातच असतात आणि दुकानदारच ती कंत्राटावर चालवतो. १९९९ पासून तिथे 'होरायझन' नावाची संगणकप्रणाली आली. संध्याकाळी हिशेब लावावा तर पैसे कमी दिसत. कंत्राटाप्रमाणे तूट दुकानदाराने भरून द्यायची. कोणी साठवलेले पैसे घातले, कोणी घर गहाण टाकलं. १९९९ ते २०१५ या काळात नऊशेहून अधिक जणांना चोरी, अफरातफर किंवा खोट्या हिशेबासाठी दोषी ठरवण्यात आलं. त्यांत भारतीय वंशाचेही अनेक होते. चूक संगणकाची होती. पण न्यायालयात संगणक बरोबरच चालतो असं गृहीत धरलेलं होतं, आणि माणसाने मात्र स्वतःला निर्दोष सिद्ध करायचं होतं. श्रीकृष्णाला निदान मणी शोधता आला. जे पैसे कधी हरवलेच नव्हते ते या दुकानदारांनी कुठल्या गुहेतून आणायचे?

यातल्या अनेकांनी नंतर एक गोष्ट सांगितली. मदतीसाठी फोन केला की उत्तर यायचं, की अशी अडचण फक्त तुम्हालाच येते आहे. ह्यूस्टनच्या व्यवस्थापकाचं 'कोणाजवळ बोलू नका' आणि हे 'फक्त तुम्हालाच' यांत फारसं अंतर नाही. आळ पहिलं काम करतो ते माणसाला एकटं पाडण्याचं. अ‍ॅलन बेट्स नावाच्या एका दुकानदाराने हे एकटेपण मोडायचं ठरवलं आणि विखुरलेल्या माणसांना गोळा केलं. ५५५ जणांनी मिळून दावा लावला. २०१९ मध्ये न्यायालयाने प्रणालीत दोष असल्याचं मान्य केलं, २०२१ मध्ये अपील न्यायालयाने ३९ जणांच्या शिक्षा एकदम रद्द केल्या आणि २०२४ मध्ये संसदेने खास कायदा करून उरलेल्यांपैकी शेकडो जणांवरचा कलंक पुसला. तोवर फार उशीर झाला होता. या प्रकरणापायी किमान तेरा जणांनी आपलं आयुष्य संपवलं असावं, असं चौकशी अहवालाने २०२५ मध्ये नोंदवलं.

आपल्या गावात, आपल्या बाजारपेठेत आज दुकानं बदलली आहेत. छपराला कॅमेरे आहेत, गल्ल्यावर संगणक आहे, दाराशी पहारेकरी आहे. गल्ल्यात तूट आली तर पगारातून कापून घेण्याची रीत मात्र जुनीच आहे. १९३६ च्या वेतन कायद्याने सांगितलं होतं, की नोकराच्या चुकीमुळे झालेलं नुकसान कापण्याआधी त्याला बाजू मांडायची संधी द्या, आणि त्याची जागा घेणाऱ्या २०१९ च्या वेतन संहितेनेही तेच सांगितलं आहे. कपड्याच्या दुकानात उभ्या असणाऱ्या, दिवसभर बसायलाही न मिळणाऱ्या किती मुलींना हे माहीत असेल? त्यांची युनियन नाही, वकील नाही. संशय आला की मागच्या खोलीत बोलावणं येतं, आणि आईवडिलांना कळेल या भीतीनेच त्या अर्ध्या मोडून जातात.

दुकानदार मंडळींना माझं एवढंच सांगणं आहे. तपास करा, हिशेब मागा, माल मोजा. पण कोणाला आत बोलावलंत तर तिच्या विश्वासाचं कोणीतरी तिच्या शेजारी बसू द्या. एखादी सहकारी, थोरली बहीण, कोणीही. त्याला खर्च येत नाही. खरा चोर असेल तर शेजारी कोणी बसल्याने तो सुटत नाही. आणि नसेल, तर लहान खोके संपले होते एवढी साधी गोष्ट सांगताना तिचा आवाज कापणार नाही.